डेट्रॉइटचा 'डेथ': एका पॉडकास्ट भागाच्या प्रकल्प नोंदी

१४ मार्च

विषय पक्का. पुढचा भाग डेट्रॉइटच्या 'डेथ' या बँडवर. संपादिकेचा प्रश्न ठरलेलाच: "अरे, हे मराठीत ऐकणार कोण?" मी म्हटलं, तीन भाऊ, त्यातला एक कमालीचा हट्टी, माळ्यावर पडून राहिलेल्या टेप आणि तीस वर्षांनी त्या गाण्यांचा छडा लावणारी पोरं. यात न समजण्यासारखं काय आहे? ती हसली, म्हणजे मंजूर.

फाइलच्या डोक्यावर डकवायला गोषवारा: डेव्हिड, बॉबी आणि डॅनिस हॅकनी. डेट्रॉइट शहराच्या पूर्व भागातले कृष्णवर्णीय भाऊ. गिटार डेव्हिडची, बेस आणि गळा बॉबीचा, ड्रम्स डॅनिसचे. १९७१मध्ये 'रॉक फायर फंक एक्स्प्रेस' या नावाने सुरुवात, तेव्हा वाजवायचे फंक, म्हणजे ठेक्यावर नाचवणारं कृष्णवर्णीयांचं संगीत. मग रॉकची ओढ आणि नवं नाव 'डेथ'. १९७५मध्ये स्टुडिओत सात गाणी. १९७६मध्ये पदरच्या पैशाने एक सिंगल, म्हणजे दोन बाजूंना एकेक गाण्याची छोटी तबकडी, प्रती ५००. पुढे तीन दशकं सामसूम. २००९मध्ये शिकागोच्या ड्रॅग सिटी कंपनीने सातही गाणी अल्बम म्हणून काढली आणि डेट्रॉइटमध्ये न्यूयॉर्कच्या रॅमोन्स या पंक रॉक बँडच्या आधी कोणी काय वाजवून ठेवलं होतं ते लोकांना कळलं.

सगळीकडे ही गोष्ट एकाच साच्यात सांगितली जाते. बड्या कंपनीच्या साहेबाने नाव बदला म्हटलं, डेव्हिडने ठाम नकार दिला, करार हुकला, बँड संपला. ऐकायला झकास, पण एका शब्दापायी सगळं गेलं हे मला पटत नाही. भागात याच जागी खणायचं.

१७ मार्च

हेडफोन लावून सातही गाणी ओळीने ऐकली. एकूण ऐवज सुमारे २६ मिनिटांचा.

पंक म्हटलं की दोन-अडीच मिनिटांत आटपणारी धडाधड गाणी डोळ्यांसमोर येतात. तशी इथे आहेत. 'कीप ऑन नॉकिंग', 'रॉक-एन-रोल व्हिक्टिम', 'यू आर अ प्रिझनर', 'फ्रीकिन आउट' ही चारही तीन मिनिटांच्या आत उरकतात. पण 'लेट द वर्ल्ड टर्न' आणि 'पॉलिटिशियन्स इन माय आइज' जवळजवळ सहा-सहा मिनिटांची आहेत. 'लेट द वर्ल्ड टर्न' हळुवार सुरू होतं, मग भडका उडतो, मधे ड्रम्सना मोकळं रान मिळतं. रॅमोन्सने असलं काही केलं असतं तर त्यांच्याच लोकांनी खुर्च्या फेकल्या असत्या.

'पॉलिटिशियन्स' पुन्हा पुन्हा लावलं. व्हिएतनाम युद्धाच्या सावलीतलं गाणं, पोरांना लढायला धाडणाऱ्या पुढाऱ्यांवर. बेस आणि ड्रम्स एकमेकांना ढकलत पळतात, मधेच सगळं अडखळल्यासारखं होतं आणि परत उसळतं. बॉबी गातो तो नुसता आरडाओरडा नाही, सुरात राहून चिडलाय. भागाची सुरुवात या गाण्याच्या वर्णनाने करायची. कृष्णवर्णीय पंक, विस्मृतीतलं रत्न वगैरे विशेषणं नंतर बघू, किंवा नकोच.

२० मार्च

घरची बाजू लिहिली. फेब्रुवारी १९६४मध्ये एड सलिव्हनच्या टीव्ही कार्यक्रमात बीटल्स पहिल्यांदा आले. वडिलांनी मुलांना टीव्हीसमोर बसवून तो दाखवला. दुसऱ्या दिवशी डेव्हिडला गल्लीत कोणीतरी टाकून दिलेली गिटार सापडली, तिथून शिकणं सुरू. पुढे 'द हू' आणि ॲलिस कूपर या रॉकवाल्यांचे कार्यक्रम पाहिल्यावर डेव्हिडने फंक बाजूला सारून भावांना रॉककडे वळवलं.

वडील इलेक्ट्रिशियन होते. दारू पिऊन गाडी चालवणाऱ्या एकाच्या धडकेत ते गेले. बँडचं नाव आलं ते इथून. डेव्हिडचं म्हणणं असं की मरण ही शेवटची, खरी आणि जन्मासारखीच साधी घटना आहे, लोकांनी तिच्याकडे बघण्याची नजर आपण बदलू. म्हणजे कवट्या-हाडं मिरवण्यातला हा प्रकार नव्हता. बँडचं चिन्हही डेव्हिडनेच काढलेलं: त्रिकोणात तीन गोल – आत्मिक, मानसिक, शारीरिक – आणि बाहेर चौथा गोल, तो वाट दाखवणारा देव. मुखपृष्ठावर हे चिन्ह पाहून कुठल्यातरी गुप्त पंथाची शंका यावी, आणि आत चर्चमध्ये वाढलेली तीन पोरं.

खर्ड्यात हा भाग लांबला तरी चालेल. नावाची चिकाटी डेव्हिडने कुठून आणली हे इथे कळलं नाही तर पुढचा नकार नुसता आडमुठेपणा वाटेल.

२३ मार्च

शहर. हा भाग उरकून टाकायचा नाही.

जुलै १९६७चा डेट्रॉइटमधल्या कृष्णवर्णीयांचा उठाव, त्यात ४३ जण ठार. गोरी वस्ती उपनगरांकडे निघून जात होती. १९७२मध्ये मोटाउन या रेकॉर्ड कंपनीनेही बाडबिस्तरा उचलला आणि लॉस एंजेलिस गाठलं. ज्या कंपनीने या शहराला आवाज दिला तीच गेली. १९७४च्या जानेवारीत कोलमन यंग शहराचे पहिले कृष्णवर्णीय महापौर झाले. कारखाने आणि नोकऱ्या आधीपासूनच बाहेर चालल्या होत्या.

याच शहरात १९६८च्या ऑक्टोबरमध्ये ग्रँड बॉलरूममध्ये एमसी फाइव्ह या बँडने आपला पहिला अल्बम थेट मंचावरून ध्वनिमुद्रित केला. शेजारच्या ॲन आर्बरच्या स्टूजेस या बँडचा पहिला अल्बम १९६९चा. त्यामुळे हॅकनी भावांच्या गाण्यांतली आग आकाशातून पडलेली नाही. डेट्रॉइटचं रॉक असंच दणदणीत होतं. फरक एवढाच की ते वाजवणारे बहुतेक गोरे होते.

आणि 'कृष्णवर्णीय लोक तेव्हा रॉक वाजवतच नसत' हे वाक्य कुठल्याही लेखात दिसलं की खोडावं. फंकाडेलिक या कृष्णवर्णीय बँडचा १९७१चा अल्बम 'मॅगॉट ब्रेन' ऐका. एडी हेझलची दहा मिनिटांची गिटार आहे त्यात. आणि तो रेकॉर्ड झाला युनायटेड साउंड सिस्टम्समध्ये, म्हणजे पुढे जिथे 'डेथ'ने गाणी केली त्याच स्टुडिओत. वाजवणारे होते. अडचण पुढे होती: रेडिओ, दुकान, कंपनी. कृष्णवर्णीयांच्या स्टेशनांना सोल आणि फंक हवं, एफएमवरच्या रॉक स्टेशनांना गोरे बँड हवेत. गल्लीतले लोक भावांना म्हणायचे, अर्थ विंड अँड फायरसारखं काहीतरी वाजवा की.

२४ मार्च

फक्त उच्चार तपासले. हॅकनी, डॅनिस, बर्लिंग्टन, व्हरमाँट. रेकॉर्डिंगच्या वेळी अडखळायला नको.

२९ मार्च

स्टुडिओ आणि करार. सगळ्यात वाचण्याजोगा आणि सगळ्यात घोळाचा टप्पा.

भाऊ सांगतात ती गोष्ट अशी: टेलिफोन डिरेक्टरीतलं स्टुडिओंचं पान भिंतीवर लावलं, डार्ट फेकला, तो लागला ग्रूव्हजव्हिल प्रॉडक्शन्सवर. ही कंपनी डॉन डेव्हिस या निर्मात्याची. युनायटेड साउंड स्टुडिओही त्याचाच. साधी जागा नव्हे ती. ब्लूज गायक जॉन ली हूकरचं 'बूगी चिलन' १९४८मध्ये इथे रेकॉर्ड झालं, आणि मोटाउन उभी करणाऱ्या बेरी गॉर्डीने मोटाउनच्या आधीच्या टॅमला या लेबलचं पहिलं गाणं १९५९मध्ये इथेच केलं. अशा ठिकाणी ही पोरं अँप्लिफायर घेऊन शिरली आणि ठरलेल्या बारा गाण्यांपैकी सात करून बाहेर पडली.

आता साहेब. क्लाइव्ह डेव्हिस. पैसे त्याचे, अट त्याची: नाव बदला. किती तरी लेखांत त्याला तेव्हाचा कोलंबिया रेकॉर्ड्सचा प्रमुख म्हटलंय. गंमत म्हणजे कोलंबियाने त्याला मे १९७३मध्येच काढलं होतं आणि १९७४च्या अखेरीस तो अरिस्टा ही नवी कंपनी उभी करत होता. तारखा शेजारी ठेवल्या की 'कोलंबियाचा प्रमुख' हे वर्णन १९७५च्या प्रसंगाला बसत नाही. भागात 'क्लाइव्ह डेव्हिस' एवढंच म्हणायचं, खुर्चीचं नाव घ्यायचं नाही. एकाने लिहिलं आणि बाकीच्यांनी उतरवलं, असं या विषयात फार झालंय.

डेव्हिडने नकार दिला. पैसे थांबले. मास्टर टेप, म्हणजे मूळ ध्वनिमुद्रणाच्या टेप, मात्र भावांनी मिळवल्या, आणि पुढचं सगळं त्याच्यामुळेच शक्य झालं. १९७६मध्ये 'ट्रायँगल' नावाचं स्वतःचं लेबल, एका बाजूला 'पॉलिटिशियन्स', दुसऱ्या बाजूला 'कीप ऑन नॉकिंग'. रेडिओवर जेमतेम वाजलं.

एक जोड हाती लागलीय, भागात नक्की घ्यायची. त्याच १९७६मध्ये, त्याच डॉन डेव्हिसने निर्माण केलेलं जॉनी टेलरचं 'डिस्को लेडी' हे अमेरिकेत प्लॅटिनम ठरलेलं पहिलं सिंगल. त्या वेळी प्लॅटिनमसाठी २० लाख प्रती लागत. एकाच निर्मात्याच्या दारातून गेलेल्या दोन तबकड्या: एक २० लाखांच्या पुढे, दुसरी ५००. आणि पहिलीच्या नावात काय आहे बघा, 'डिस्को'. बाजाराला त्या वर्षी काय हवं होतं ते याहून सरळ कोण सांगणार!

३ एप्रिल

इथे माझा मुद्दा उभा राहिला.

१९७७मध्ये भाऊ डेट्रॉइट सोडून व्हरमाँट राज्यातल्या बर्लिंग्टनला गेले. तिथे 'डेथ' हे नाव सोडलं आणि 'द फोर्थ मूव्हमेंट' या नावाने देवाधर्माचं रॉक वाजवायला लागले. १९८० आणि १९८२मध्ये दोन अल्बमही काढले. नाव सोज्वळ, शब्द भक्तीचे, वाजवणारे तेच. काय झालं? काही नाही. तेही अल्बम कोणाला ठाऊक झाले नाहीत.

मग नुसतं नाव आडवं आलं म्हणून गाडी अडली, हे कसं म्हणायचं? क्लाइव्ह डेव्हिसची अट मानली असती तर कदाचित अल्बम निघाला असता. पण तो वाजवायचा कोणत्या स्टेशनवर आणि ठेवायचा कुठल्या कप्प्यात, हा प्रश्न नाव बदलून सुटत नव्हता. न्यूयॉर्कच्या मुलांना सीबीजीबी हा क्लब होता, जानेवारी १९७६पासून 'पंक' नावाचं मासिक होतं, एकमेकांना ऐकणारी वीस-पंचवीस टाळकी तरी होती. डेट्रॉइटमध्ये या तिघांसाठी तसलं काही नव्हतं. रॅमोन्सचा पहिला अल्बम एप्रिल १९७६मध्ये आला तोही काही धडाक्यात खपला नाही, पण त्यांच्या मागे एक लेबल होतं आणि पुढे एक गर्दी होती.

संपादिकेला हे वाचून दाखवलं. तिचं म्हणणं: "मग डेव्हिडच्या नकाराची किंमत कमी होत नाही का?" मला उलट वाटतं. त्याच्या नकाराला आपण सगळ्या अपयशाचं कारण करून टाकलंय, त्यामुळे तो एकतर हुतात्मा होतो नाहीतर मूर्ख. प्रत्यक्षात त्याने एक गोष्ट राखली आणि बाकीचं त्याच्या हातात नव्हतंच. तिने समासात प्रश्नचिन्ह काढून ठेवलंय. राहू दे.

६ एप्रिल

शीर्षकावरून रणधुमाळी. तिला 'जगातला पहिला पंक बँड' हवंय. मी म्हटलं, असला दावा करायचा तर पेरूच्या लिमा शहरातल्या लोस सायकोस या बँडची माफी मागावी लागेल. १९६५चं त्यांचं 'डेमोलिसियोन' म्हणजे रेल्वे स्टेशन उडवून देऊ या असं किंचाळत म्हणणारं गाणं, आणि लिमाच्या लिन्से भागात पंक इथे जन्मला अशी पाटीच लावलीय. शिवाय स्टूजेस. 'पहिला कोण' हा खेळ गोळा करणाऱ्यांचा आहे, वाजवणाऱ्यांचा नाही. हॅकनी भाऊ स्वतःला रॉक अँड रोल बँडच समजत होते.

न्यूयॉर्क टाइम्सने मार्च २००९मध्ये त्यांच्यावर लांबलचक लेख केला, तेव्हापासून 'पंकच्याही आधीचं पंक' हे बिरूद चिकटलं. विक्रीला बरं. तडजोड: शीर्षकात फक्त 'डेट्रॉइटचे तीन हॅकनी'.

११ एप्रिल

गाणी वापरण्याचा प्रश्न. आमच्याकडे परवाना नाही आणि तो घ्यायला पैसे नाहीत. 'तीस सेकंदांपर्यंत चालतं' हे ज्याच्या-त्याच्या तोंडी असतं, पण १९५७च्या आपल्या कॉपीराइट कायद्यात असा सेकंदांचा आकडा नाही. कलम ५२मध्ये समीक्षेसाठीच्या वापराची सोय आहे, तिच्या भरवशावर अख्खा भाग रचायची माझी छाती नाही. मूळ गाण्याचा एक क्षणही घ्यायचा नाही, ऐकणाऱ्याला 'लावून बघा' म्हणून सांगायचं.

त्याऐवजी सोसायटीतल्या एका कॉलेजच्या मुलाला बोलावलं, बेस वाजवतो. त्याला 'पॉलिटिशियन्स' ऐकवलं. पहिल्या मिनिटातच म्हणाला, "काका, हा माणूस फंकच वाजवतोय, फक्त पळत पळत." मग त्याने दाखवलं. आधी संथ फंकची एक चाल, उजव्या हाताची दोन बोटं आळीपाळीने, मधल्या रिकाम्या जागा तशाच ठेवून. मग तीच चाल वेग चढवत नेली. एका टप्प्यावर रिकाम्या जागा बुजल्या आणि अंगावर येणारा आवाज सुरू झाला. चाल त्याची स्वतःची, गाण्यातली नव्हे, त्यामुळे हक्काचाही प्रश्न नाही. रॉक फायर फंक एक्स्प्रेसपासून 'डेथ'पर्यंतचा प्रवास मी दोन पानांत लिहिला होता, तो त्याने पाऊण मिनिटात वाजवून दाखवला. दोन पानं काढून टाकली.

पोरगा पैसे घेईना. वडापाव आणि चहावर भागलं.

१९ एप्रिल

रेकॉर्डिंग. एप्रिलमध्ये पंखा बंद करून बेडरूममध्ये बसणं म्हणजे शिक्षा. कपाटाची दारं उघडी ठेवली, कपड्यांत आवाज चांगला मुरतो. समोरच्या घरातल्या कुकरची शिट्टी दर परिच्छेदाला. डेव्हिडच्या निधनाची ओळ त्या शिट्टीमुळे परत घ्यावी लागली आणि दुसऱ्या वेळी जास्त चांगली आली, थोडी कोरडी.

ती ओळ: डेव्हिड १९८२मध्ये डेट्रॉइटला परतला, बॉबी आणि डॅनिस व्हरमाँटलाच राहिले आणि लँब्सब्रेड नावाने रेगे वाजवू लागले. २०००मध्ये फुप्फुसाच्या कर्करोगाने डेव्हिड गेला. जाण्याआधी त्याने टेप बॉबीकडे सोपवल्या. एक दिवस जग या शोधत येईल आणि तेव्हा त्या तुझ्याकडेच असतील, अशा अर्थाचं काहीतरी तो म्हणाल्याचं बॉबी सांगतो. इथे पार्श्वसंगीत घालायचा मोह झाला होता. घातलं नाही.

२२ एप्रिल

भागाचा शेवटचा एक-तृतीयांश हिस्सा जुळवला. ते ५०० प्रतींचं सिंगल संग्राहकांच्या हातात फिरत राहिलं, शेकडो डॉलरला जायला लागलं. कोणीतरी दोन्ही बाजू एमपीथ्री करून इंटरनेटवर टाकल्या. २००८मध्ये बॉबीची मुलं – ज्युलियन, युरियन आणि बॉबी ज्युनियर – यांच्यापर्यंत त्या पोचल्या आणि गाणारा गळा आपल्या बापाचा आहे हे कळलं. बापाने घरात कधी याची फुशारकी मारली नव्हती. मुलांनी ती गाणी वाजवायला बँड काढला, नाव ठेवलं 'रफ फ्रान्सिस'. हे टोपणनाव डेव्हिड काकाचं.

पुढचं भराभर: २००९चा अल्बम, मग बॉबी आणि डॅनिसने लँब्सब्रेडचा गिटारवादक बॉबी डंकन याला घेऊन 'डेथ' म्हणून पुन्हा कार्यक्रम सुरू केले, २०१२मध्ये माहितीपट, २०१५मध्ये नवा अल्बम. हे सगळं दीड मिनिटात. यशाची यादी वाचण्यात रस नाही. त्याऐवजी टेपवर थांबलोय. चुंबकीय टेप दमटपणात खराब होते, चिकटते, बुरशी धरते. आपल्याकडच्या पावसात माळ्यावर एवढी वर्षं काही टिकलं असतं का, हा प्रश्न कार्यक्रमात मोठ्याने विचारलाय. थंड व्हरमाँटचेही या गोष्टीत थोडे आभार आहेत.

२६ एप्रिल

कच्चा भाग घरी ऐकवला. आईला गाण्यांत गम्य नाही, पण तिने एकच विचारलं: "त्या तिघांची आई काय म्हणायची?" माझ्या खर्ड्यात ती जवळपास नव्हतीच. घरातली एक खोली पोरांच्या ड्रम्सना दिली आणि शेजाऱ्यांची बोलणी खाल्ली ती तिने. दोन वाक्यं नव्याने रेकॉर्ड करून २० मार्चला लिहिलेल्या घरच्या बाजूत घुसवली. आवाजाची पातळी जुळत नाहीये, उद्या बघतो.

संपादिकेचं समासातलं प्रश्नचिन्ह अजून आहे. तिचा मुद्दा असा की फोर्थ मूव्हमेंट वेगळंच संगीत होतं, त्याची तुलना कशी करतोस? बरोबर बोलते. भागात तिचा आक्षेप तिच्याच आवाजात ठेवला आणि त्याखाली माझं उत्तर. ऐकणारे ठरवतील.

३० एप्रिल

भाग चढवला.

पुढचा विषय जवळजवळ ठरलाय: फिलाडेल्फियाचा प्युअर हेल. हाही कृष्णवर्णीयांचाच बँड, सुरुवात १९७४ची. नावात थेट नरक, तरीही १९७८मध्ये सिंगल निघालं आणि इंग्लंडचा दौराही झाला. अल्बम मात्र २००६पर्यंत पडून राहिला. संपादिकेला हे तीन आकडे पाठवले. तिचं उत्तर: "म्हणजे तू भांडण पुढच्या भागातही चालू ठेवणार." हो.